पाठमोऱ्या द्वारकाकाकू

द्वारकाकाकूंनी रिकाम्या हातांच्या बाईला कधी गोष्ट वाचून दाखवली नाही. ऐकायला यायचं तर काहीतरी काम घेऊन यायचं, नाहीतर त्या देतील ते करायचं. मे महिन्यात कोकमाचे रातांबे फोडायचे, एरवी सुपारी कातरायची, चिंच निवडायची, वाती वळायच्या. मला वाटायचं, बाई मोठी धोरणी हो, गोष्टीच्या निमित्तानं कामं उरकून घेते. आळीतल्या बायका तर तोंडावर म्हणायच्या. खरं कारण त्यांनी मला पुढे सांगितलं.

"अगो, तोंड खोटं बोलतं. गोष्ट संपली की सगळ्या म्हणतात, छान हो छान. मी तोंडाकडे बघतच नाही. वाचताना हातांकडे बघत्ये. जिथे हात थांबले तिथे खरं उतरलंय. जिथे चालूच राहिले, ते पान फाडायचं."

अशी पानं त्यांनी पुष्कळ फाडली. मी बघितली आहेत, चुलीत घालताना.

मी तेव्हा आळीत नवी सून. माहेर केळशीचं, सासर रत्नागिरीत काकूंच्या अगदी समोर. मला वाचायला कोणी शिकवलं नाही. वाण्याच्या पुड्यांचे कागद सोडवून सोडवून अक्षरं लावली, आणि जी अडली ती काकूंच्या मागल्या पडवीत बसून सोडवली. त्या चाळिशीच्या असतील. ठेंगण्या, गोऱ्या, नाकावर चष्मा आणि चष्म्याला एका बाजूला काडीऐवजी सूत. मूलबाळ नव्हतं. यजमान नाना, कचेरीत कारकून. नाना म्हणजे शांत मनुष्य असं लोक म्हणत, पण शांत हा शब्द पुरायचा नाही. जेवताना ताटावर आडवा हात धरला की पुरे, पाण्याच्या भांड्याकडे बघितलं की पाणी. घरात आवाज म्हटला तर काकूंचा, नाहीतर मनी मांजरीचा.

कचेरीतून येताना नाना एका बाजूनं कोरे असलेले कागद आणायचे. कोरी बाजू वर करून, सुतळीनं बांधून, माजघरातल्या कोनाड्यात ठेवायचे. त्यावर काकू लिहायच्या. कागद संपले असं त्यांना कधी म्हणावं लागलं नाही, आणि संपत का नाहीत हा विचारही त्यांच्या मनात आला नाही. हे मी आत्ता मुद्दाम सांगून ठेवते.

त्या लिहायच्या प्रेमाच्या गोष्टी. तशा गोष्टी तेव्हा मुंबईच्या मासिकांत यायच्या आणि काकूंना वाटे, आपणही लिहाव्या. सुरुवातीच्या आठवल्या की मला अजून हसू येतं. नायक बॅरिस्टर, नायिका चंद्रिका. बागेत कारंजं. तो तिला "प्राणेश्वरी" म्हणून हाक मारी आणि मग पानभर बोले. एका गोष्टीत तर तो तिला चांदण्यात बोटीत बसवून गाणं म्हणून दाखवतो. आम्ही सगळ्या सुपारी कातरत होतो. आडकित्ते काही थांबेनात. शेवटी यमूआत्या म्हणाल्या, "बोटीत गातो? ओकत नाही तो?"

आमचे बहुतेक पुरुष मुंबईला. शिमग्याला यायचे नि वैशाखात यायचे, ते आगबोटीनं आणि तिथून पडावात बसून बंदराला. उतरायचे ते हिरवेपिवळे होऊन. बोटीत गाणारा नवरा आम्ही कोणी पाहिलेलाच नव्हता. पडवीत जी हसाहस झाली ती काही विचारू नका. काकूही हसल्या, पण पान फाडताना त्यांचा हात जरा जोरात चालला.

मासिकवाल्यांकडून तर गोष्टी साभार परत येत. एकदा संपादकांनी दोन ओळी लिहिल्या होत्या: भाषा चांगली आहे, पण ही माणसे एकमेकांवर प्रेम करतात असे वाटत नाही, व्याख्याने देतात असे वाटते. काकूंनी ते कार्ड मला दाखवलं. मी तेव्हा पोरच, बोलून गेले, "काकू, आमच्याकडे असं कोणी बोलत नाही हो."

"मग कसं बोलतात गो नवरा-बायको?"

"बोलतच नाहीत."

आणि खरंच होतं ते. घरात सासू-सासरे, दीर, आल्यागेल्या बायका. वडीलधाऱ्यांदेखत नवऱ्याशी बोलणं म्हणजे आगाऊपणा. काकूंनी चष्मा काढला, पदरानं पुसला, परत लावला. "म्हणजे बोलता येत नाही तिथूनच गोष्ट सुरू करायला हवी," त्या म्हणाल्या.

त्या दिवसापासून त्यांची दृष्टीच बदलली. विहिरीवर, पाखाडीच्या पायऱ्यांवर, कुठेही बाई भेटली की प्रश्न. "बोटीला निघताना तो शेवटचं वळून काय बघतो?" "त्याचा डबा भरताना तू आधी काय ठेवतेस?" कोणाला राग येई, कोणी लाजे. काकूंना उत्तर नको असायचं, बाई उत्तर देताना पदराचं काय करते ते बघायचं असायचं. "प्रेम आहे असं लिहायचं नाही गो," त्या मला सांगत, "प्रेम आहे ते लपवताना माणूस कुठे चुकतं, ते लिहायचं." असं काहीबाही शहाणं त्या बोलायच्या. आणि एवढं बोलून झालं की नानांना पान वाढायला उठायच्या, वाढायच्या, आणि नानांच्या हातांकडे न बघताच परत यायच्या.

काकूंच्या परसाला लागून दगडी गडगा, आणि गडग्यापलीकडे आक्कांचा गोठा. आक्का म्हणजे आळीतल्या सगळ्यांत कडक सासू. त्यांचा मुलगा दत्तू मुंबईला एका पेढीवर, सून वेणू माझ्याच वयाची. त्या शिमग्याला दत्तू आला होता. काकू परसात भांडी घासत होत्या. गोठ्यात दत्तू कपिला गाईची मान खाजवत होता आणि वेणू पलीकडे शेण गोळा करत होती.

दत्तू म्हणाला, "कपिले, तुझ्यासाठी मुंबईहून काही आणलंय हो. पण द्यायचं कसं? तुझी सासू बसल्ये दारात."

वेणूनं मान वर केली नाही. "कपिले, त्यांना सांग, ज्याला द्यायचं असतं तो देतो. गाईला सांगत बसत नाही."

"कपिले, तुझी जीभ भारी धारदार झाली आहे."

"कपिले, चारा कोरडा मिळाला की असं होतं."

काकूंच्या हातातला तांब्या राखेत पडला. हे त्यांनीच मला सांगितलं. दुसऱ्या दिवशी त्या मुद्दाम त्याच वेळी भांडी घेऊन बसल्या, आणि तिसऱ्या दिवशीही. घासलेली भांडी परत घासली. दत्तू बोटीवर गेला, आणि काकूंनी गोष्ट लिहायला घेतली.

मोठ्या काळजीनं बदलली हो त्यांनी. रत्नागिरीचं गुहागर केलं. मुंबईचं पुणं केलं. दत्तूला मिशा दिल्या. गाईची म्हैस केली. आणि सासू घातली, दुष्ट, हातात पळी घेऊन पाळत ठेवणारी, कारण दुष्ट सासूशिवाय गोष्टीला गंमत कुठली! हे सगळं केल्यावर त्यांना मनापासून वाटलं, आता कोणाला काही ओळखू यायचं नाही.

रातांब्याचे दिवस आले. काकूंच्या पडवीत दहाबारा जणी, समोर रातांब्यांचे ढीग, हात कोपरापर्यंत लाल. आक्का होत्या, वेणू होती. काकू वाचू लागल्या. नवरा म्हशीच्या पाठीवर हात ठेवतो आणि म्हणतो, तुझी सासू बसली आहे दारात...

एकेकीचे हात थांबत गेले. यमूआत्यांच्या मुठीतून रस ओघळून लुगड्यावर आला तरी त्यांना भान नाही. काकू चष्म्यावरून एकेक हात बघत होत्या आणि त्यांचा आवाज आनंदानं कापत होता.

वेणूचे हात तेवढे चालू होते. फोड, बी काढ, टाक. फोड, बी काढ, टाक. एरवीपेक्षा भराभर. काकूंनी ते पाहिलं होतं. पुढे कितीदा तरी त्या मला म्हणाल्या, "मी पाहिलं गो. मला वाटलं, हिला गोष्ट कळली नाही."

वाचून संपलं. आक्का उठल्या, हात धुतले, पदराला पुसले. जाता जाता दाराशी थांबल्या.

"म्हैस कशाला घातलीस गो द्वारके? गाय बरी होती."

एवढंच बोलून गेल्या. वेणू मागोमाग.

मग जे व्हायचं ते झालं. आळीतल्या पोरी गडग्याशी जमायला लागल्या. "कपिले, आज अळूचं फदफदं केलंय हो!" आणि खिदळत पळायच्या. चार दिवसांत वेणू गोठ्यात जायची बंद झाली. आठवडा गेला असेल नसेल, आक्कांनी कपिला लांज्याला आपल्या लेकीकडे पाठवून दिली. गोठा शाकारायचा आहे म्हणाल्या. पण शाकारायला कोणी आलं नाही.

वैशाखअखेर दत्तू आला, पाऊस लागून बोटी बंद व्हायच्या आधी. काकू आणि मी त्यांच्या मागल्या दारातून बघत होतो. तो आला तसा हातपाय धुऊन गोठ्याकडे गेला. हातात भाकरीचा तुकडा होता. रिकामा खुंटा बघून तो तसाच उभा राहिला. मग भाकरी मोडून कावळ्यांना टाकली आणि घरात गेला. होता तेवढे दिवस त्या नवरा-बायकोत शब्द झाला नाही. कुठे होणार? शेवटच्या बोटीनं परत गेला. आता चार महिने समुद्र बंद.

काकू तो भाकरीचा तुकडा विसरल्या नाहीत. त्यांनी जेवण टाकलं. आणि मग त्यांच्या डोक्यात एक विलक्षण उपाय आला. आक्कांना सांगायचं, ती गोष्ट वेणूची नव्हेच, माझी आणि ह्यांची आहे. आम्हीच असं बोलतो.

मी म्हटलं, "काकू, नाना बोलतात हे खरं कोणाला वाटेल?"

"म्हणूनच त्यांना बोलायला हवं," काकू म्हणाल्या.

लग्नानंतर त्या नवऱ्यासमोर बसून काही मागत होत्या ते पहिल्यांदाच. सगळं सांगितलं. नानांनी ऐकून घेतलं, टोपी काढून गुडघ्यावर ठेवली.

"काय बोलायचं?"

"काहीही. मनीशी बोला. पण आक्कांना ऐकू जाऊ दे."

दुसऱ्या दिवशी आक्का गडग्यापलीकडे वाळवण उलटत होत्या. नाना कचेरीतून आले ते छत्रीसकट थेट परसात. मी काकूंबरोबर मागल्या दारात. नानांनी घसा खाकरला.

"मने... काल आमटी चांगली झाली होती."

मनी उठून चालू लागली. नाना तिच्या मागे.

"मने, थांब. संपलं नाही अजून." पुन्हा खाकरले. "रोजच चांगली होते. सांगायचं राहून जातं."

मला हसू आवरेना म्हणून मी काकूंकडे बघितलं, आणि हसू गेलं. काकूंचा चेहरा कसा झाला होता ते मला लिहिता येणार नाही.

पलीकडून आक्का म्हणाल्या, "नाना, पुरे हो. मांजर दमलं." मग, "द्वारके, इकडे ये."

काकू गडग्याशी गेल्या.

"तुला काय वाटलं, मला ठाऊक नव्हतं? माझा गोठा, माझी गाय, माझा मुलगा. त्याचं लग्न झाल्यापासून तो आला की मी त्या वेळेला दारात पाठ करून बसत्ये. निवडायला तांदूळ नसले तर निवडलेलेच परत निवडत्ये. मीही सून होत्ये की गो. माझ्या सासूनं कधी पाठ केली नाही, म्हणून मी केली." त्यांनी एक आमसूल उलटलं. "पण तू चारचौघींत वाचलंस. आता मला ऐकू यायलाच हवं. ऐकू येऊन गप्प बसल्ये तर आळी काय म्हणेल? आणि वेणू तर तिथे पाऊल टाकीना. गाय कोणासाठी ठेवू?"

काकूंनी गडग्याचा एक दगड उगाच सरळ केला.

"आणि त्या तुझ्या सासूच्या हातात पळी दिलीस ती दिलीस. पण एकदा तरी तिला पाठ फिरवायला लावायचीस."

त्या दिवसापासून काकूंचं हसणं गेलं. भेटल्या की तेच एक बोलणं. "मी दोघांचं लिहिलं गो. ते तिघांचं होतं. रोज डोळ्यांसमोर पाठ करून बसलेली म्हातारी, आणि मला वाटलं, ही पाळत ठेवत्ये."

वेणूची माफी मागायलाही गेल्या होत्या. वेणू भली पोर. म्हणाली, "काकू, मला राग नाही हो. पण आता ते शब्द आठवले की त्यांच्या आवाजात आठवतच नाहीत. तुमच्या आवाजात येतात. वाचल्यासारखे."

हा घाव सगळ्यांत खोल गेला. वाचनाच्या दुसऱ्याच दिवशी काकूंनी ती गोष्ट मासिकाला धाडली होती, त्यांचं कार्ड याच सुमारास आलं. गोष्ट अतिशय आवडली, दिवाळीच्या अंकात घेतो. इतकी वर्षं ज्याची वाट बघितली ते कार्ड. काकूंनी उलट टपालानं गोष्ट परत मागवली. आली तेव्हा तिची पानं लोणच्याच्या बरण्यांच्या तोंडाला बांधून टाकली. वाचन बंद, लिहिणं बंद.

नाना मात्र कागद आणतच होते. कोनाड्यात ढीग वाढत चालला. एक दिवस काकू वाती वळत बसल्या होत्या. मी सहज म्हटलं, "काकू, कोनाड्यात आता कागद मावत नाहीत."

"घरात कागद असतातच," त्या म्हणाल्या.

"असतात कसे? नाना आणतात म्हणून. मी सून म्हणून आल्ये तेव्हापासून बघत्ये. कोरी बाजू वर करून ठेवतात."

काकूंचे हात थांबले. वात तशीच अर्धी वळलेली मांडीवर.

नाना आता मधूनमधून मनीशी बोलू लागले होते. कोणी सांगितलं नव्हतं. "मने, आज कचेरीत फार उकडलं." "मने, चष्म्याची काडी करून आणू का विचार." काकू ऐकायच्या आणि उत्तर द्यायच्या नाहीत. मी विचारलं तेव्हा म्हणाल्या, "वेणूचं तोंड बंद केलं मी, आणि तिच्याच गोठ्यातलं उचलून माझ्या घरात गोड बोलू? घशाखाली उतरत नाही गो."

दिवाळीला आक्कांनी कपिला परत आणली. लांज्याचं पाणी मानवलं नाही तिला, म्हणाल्या. पोरींचं खिदळणं तोवर विरून गेलं होतं. पण वेणू गोठ्यात जायची ती मान खाली घालून, मुकाट्यानं. शिमगा जवळ येत चालला तशा काकू अस्वस्थ. दत्तू आला आणि ती बोललीच नाही तर?

आज यातलं कोणी राहिलं नाही. तरीसुद्धा सांगू का नको असं मनात कितीदा आलं. नावं मी बदलली आहेत. गाय मात्र गायच ठेवली आहे.

तर शिमगा आला आणि दत्तू आला. माझ्या यजमानांची बदली झाली होती, आमचं सामान बांधून झालं होतं, मी काकूंचा निरोप घ्यायला मागल्या दारी गेले. गडग्यापलीकडे आक्का दारात पाठ करून तांदूळ निवडत होत्या. गोठ्यात दत्तू गाईपाशी, वेणू चाऱ्याचा भारा घेऊन उभी. दोघंही गप्प. दत्तूनं एकदा गाईच्या मानेवर हात ठेवला, तोंड उघडलं आणि मिटलं.

काकू परसात होत्या. त्यांनी एकदा तिकडे बघितलं. मग गडग्याकडे पाठ केली, उखळापाशी गेल्या, मुसळ उचललं आणि कांडायला लागल्या. जोरात. असा आवाज की माडावरचे कावळे उडाले. मला डोळ्यांनी खुणावलं, तशी मीही पाठ फिरवली. पलीकडे काय बोलणं झालं ते मला ठाऊक नाही. एकदा दत्तू मोठ्यानं हसलेला ऐकू आला, आणि मग वेणू कपिलेला काहीतरी रागावून म्हणाली. शब्द कळले नाहीत. मुसळाखाली बुडाले.

काकूंचा चेहरा घामानं थबथबला, चष्मा घसरून नाकाच्या टोकावर आला. तेवढ्यात नाना कचेरीतून आले. बगलेत कागदांची गुंडाळी. उखळात डोकावले आणि पायाशी घोटाळणाऱ्या मनीला म्हणाले,

"मने, उखळ रिकामं आहे हो."

काकूंनी मान वळवली नाही.

"मने," त्या म्हणाल्या, "त्यांना सांग, मला ठाऊक आहे."

हात मात्र थांबू दिले नाहीत.